बाटलीत नाशिक किती?

नाशिक आणि मद्य यांची गाठ घालायची म्हटले की डोळ्यांसमोर वाईनच येते. गंगापूर धरणाच्या काठावर शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याच्या गाड्या लागतात त्या वाईनसाठी, दिंडोरी-निफाडच्या रस्त्यांवर पाट्या दिसतात त्या वाइनरींच्या. मात्र गेल्या सात-आठ वर्षांत देशातल्या बारमध्ये सर्वांत जास्त गाजली ती जिन. लहान भट्टीत, थोड्या प्रमाणात, देशी मसाले वापरून काढलेली, ‘क्राफ्ट’ म्हणवणारी जिन. या जिनचा नकाशा काढला तर ठिपक्यांची सर्वांत मोठी गर्दी गोव्यात दिसते.

नाशिक जिल्ह्यात द्राक्षे आहेत, उसाचा पट्टा आहे, मोठ्या कंपन्यांच्या डिस्टिलऱ्या आहेत आणि चाखायला येणारा पाहुणाही आहे. मग जिनची लाट इथे न येता चोर्ला घाट उतरून खाली का गेली? आणि उद्या कोणी ‘नाशिकची जिन’ म्हणून बाटली समोर ठेवली, तर तिच्यात नाशिक नेमके किती असेल? दुसरा प्रश्न जास्त महत्त्वाचा आहे, पण त्याच्या उत्तरासाठी आधी जिन म्हणजे काय ते नीट पाहायला हवे.

विकतचे मद्य, घरचा सुवास

वाईनचा स्वभाव द्राक्षातून येतो, व्हिस्कीचा बराचसा पिंपातून. जिनचे तसे नाही. जिनचा पाया म्हणजे ज्याला स्वतःची चव नाही, वास नाही, असे जवळजवळ ९६ टक्के शुद्ध मद्य. आपल्याकडे धंद्यात त्याला ईएनए म्हणतात, म्हणजे एक्स्ट्रा न्यूट्रल अल्कोहोल. ते उसाच्या मळीपासून होते किंवा धान्यापासून. या मद्यात ज्युनिपर नावाच्या झुडपाची निळसर-काळी फळे मुरवायची, सोबत धणे, अँजेलिकाचे मूळ, संत्र्या-लिंबाची साल, वेलदोडा, दालचिनी असे काहीबाही घालायचे आणि ते सगळे पुन्हा एकदा गाळायचे. ज्युनिपरचा वास पुढे असला तर ती जिन. तो मागे पडला तर चव कितीही छान असो, तिला मसाल्याची दारू म्हणावे लागेल.

युरोपीय नियमांत जिनला किमान ३७.५ टक्के मद्यार्काची अट आहे. ‘लंडन जिन’ म्हणायचे तर सगळा सुवास गाळतानाच यायला हवा. नंतर पाण्याखेरीज जवळपास काही घालता येत नाही आणि साखर लिटरमागे ०.१ ग्रॅमच्या वर चालत नाही. विशेष म्हणजे लंडन जिन लंडनमध्येच करायला हवी असे काही नाही. ती कोल्हापुरातही होऊ शकते. या प्रकारात गावाचे नाव पद्धतीला लागलेले आहे, मातीला नाही. नाशिकच्या प्रश्नाची अडचण इथूनच सुरू होते.

दुसरा, स्वस्त मार्ग म्हणजे शुद्ध मद्यात नुसता इसेन्स मिसळायचा. कित्येक वर्षे आपल्याकडे मिळणारी साधी जिन याच जातीची होती. तिचे सख्खे भावंड शोधायचे तर देशी दारूच्या दुकानातल्या ‘संत्रा’कडे बोट दाखवावे लागेल. पाया मळीचा आणि संत्र्याचा वास बाहेरून आणलेला. प्रतिष्ठेत फरक जमीन-अस्मानाचा, कृतीत मात्र फारसा नाही.

हॉलंड, लंडन आणि देवळाली

जिनचे मूळ हॉलंड-बेल्जियमच्या ‘जेनेव्हर’मध्ये आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीस ती इंग्लंडात रुजली आणि अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात लंडनच्या गरीब वस्त्यांत तिने हाहाकार माजवला. कर नाममात्र, धान्य मुबलक आणि गल्लोगल्ली भट्ट्या. १७२९ पासून संसदेने एकामागून एक कायदे केले. १७३६ चा कायदा इतका कडक होता की लोकांनी तो धाब्यावर बसवला. शेवटी १७५१ चा कायदा आणि पाठोपाठ महागलेले धान्य यांनी तो पूर ओसरला. विल्यम होगार्थचे ‘जिन लेन’ हे गाजलेले चित्र त्याच वर्षीचे. पुढे १८३० मध्ये एनियस कॉफीने सलग चालणाऱ्या उभ्या स्तंभाच्या भट्टीचे पेटंट घेतले. स्वच्छ मद्य स्वस्तात मिळू लागले, तेव्हा वाईट वास झाकण्यासाठी साखर घालायची गरज उरली नाही. आजची कोरडी जिन त्या यंत्राची लेक.

हिंदुस्थानशी तिचे नाते टॉनिकमुळे जुळले. सिंकोनाच्या सालीतून १८२० मध्ये क्विनाइन हे मलेरियावरचे औषध वेगळे काढले गेले, १८६० नंतर निलगिरीत आणि दार्जिलिंगकडे सिंकोनाच्या बागा उभ्या राहिल्या. इरॅस्मस बाँडने टॉनिक वॉटरचे पेटंट १८५८ मध्ये घेतले. औषध कडू लागते म्हणून गोऱ्या सोजिरांनी त्यात जिन ओतली, ही गोष्ट सांगायला रंगतदार आहे, पण पुराव्यावर ती टिकत नाही. ‘जिन आणि टॉनिक’चा एक जुना छापील उल्लेख १८६८ च्या ‘ओरिएंटल स्पोर्टिंग मॅगझिन’मधला आहे आणि तो घोड्यांच्या शर्यतीनंतर घसा ओला करणाऱ्या मंडळींचा आहे, तापाने फणफणलेल्या शिपायांचा नाही. आजच्या टॉनिकमध्ये तर क्विनाइन इतके थोडे असते की अमेरिकेच्या कमाल मर्यादेचे म्हणजे लिटरमागे ८३ मिलिग्रॅमचे टॉनिक धरले, तरी मलेरियाच्या एका दिवसाच्या मात्रेसाठी वीस लिटरच्या वर प्यावे लागेल.

बाँडच्या पेटंटच्याच सुमारास, १८६१ मध्ये, नाशिकजवळ देवळालीची छावणी उभी राहिली. मुदत संपलेले इंग्रज सैनिक मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट पाहत इथे महिनोन्‌महिने काढत. काम नाही, ऊन रणरणते, हाताशी वेळ आणि दारू. त्यातून डोके फिरलेल्या माणसाला इंग्रजीत ‘डूलाली’ म्हणू लागले. पुण्यात २००९ मध्ये सुरू झालेल्या, देशातल्या पहिल्या मायक्रोब्रुअरींपैकी एक असलेल्या ‘डूलाली’ने आपले नाव तिथूनच उचलले. छोट्या प्रमाणावर कौशल्याने पेय बनवायची महाराष्ट्रातली आजची हौस अशी बिअरपासून सुरू झाली. पुढे मधापासून होणारे मीड आले. नाशिकमध्येच ‘सेराना मीड्स’ हा लहान उद्योग दोन महिलांनी उभा केला आहे. जिन या रांगेत बरीच नंतर आली.

गोव्याची आघाडी

जगातली आजची जिनची लाट इंग्लंडमधून उठली, तीही कायद्याच्या एका फटीतून. १८०० लिटरहून लहान भट्टीला परवाना द्यायचा नाही असा तिथल्या अबकारी खात्याचा दंडक होता. ‘सिपस्मिथ’च्या मंडळींनी त्याच्याशी झगडून २००९ मध्ये लंडनमध्ये तांब्याची छोटी भट्टी चालू केली आणि पाठोपाठ शेकडो भट्ट्या पेटल्या. व्हिस्की वर्षानुवर्षे पिंपात ठेवावी लागते, भांडवल अडकते. जिन आज गाळली की थोड्याच आठवड्यांत बाजारात जाते. नव्याने धंद्यात पडणाऱ्याला यासारखे सोयीचे दुसरे काही नाही.

भारतात ‘नाओ स्पिरिट्स’ची ‘ग्रेटर दॅन’ २०१७ मध्ये आली. पुढच्याच वर्षी त्यांची हिमालयातल्या ज्युनिपरवर बेतलेली ‘हापुसा’ आणि ‘थर्ड आय डिस्टिलरी’ची ‘स्ट्रेंजर अँड सन्स’ आली. तिन्ही गोव्यातल्या. रॅडिको खेतानची ‘जैसलमेर’ही २०१८ चीच, पण ती मोठ्या कंपनीची. करोनाच्या काळात आणि नंतर तर दर काही महिन्यांनी नवे लेबल दिसू लागले. हपुषा हे आयुर्वेदात ज्युनिपरचेच नाव आहे, म्हणजे ओळख जुनीच होती. फक्त आपण ती काढ्यात घालत होतो, पेल्यात नाही. या लाटेचे व्यापारी यश कळण्यासाठी एक घटना पुरेशी आहे. ‘नाओ’मध्ये डिआजिओ या जागतिक मद्यकंपनीच्या भारतातल्या कंपनीने आधी छोटा हिस्सा घेतला आणि २०२५ मध्ये ती जवळपास पूर्णच विकत घेतली.

गोव्यातच का, याचे उत्तर निसर्गात शोधू नये. तिथे ज्युनिपर उगवत नाही, धान्याचे मोठे उत्पादन नाही. उत्तर आहे अबकारी कायद्यात. गोव्यात कर तुलनेने कमी, लहान कारखान्याला परवाना मिळणे शक्य आणि दारू बनवण्याकडे घरगुती उद्योग म्हणून पाहायची काजू-फेणीची परंपरा. शिवाय बाटली पहिल्यांदा उघडणारा पर्यटक दारात उभा.

भट्टीपाशी

‘क्राफ्ट’ या शब्दाला अर्थ आहे की नाही ते भट्टीपाशी कळते. तांब्याच्या पोटात ईएनए आणि पाणी एकत्र करून मद्यार्क निम्म्याच्या आसपास आणतात. धणे, ज्युनिपर, मुळ्या आदल्या रात्री भिजत घालतात. नाजूक फुले आणि साली मात्र पुष्कळदा वर जाळीच्या टोपलीत ठेवतात, म्हणजे वाफ त्यांच्यातून जाताना तेवढा सुवास उचलते आणि शिजल्याचा वास येत नाही.

मंद आचेवर पहिली धार येते ती नाकात जाणारी, थिनरसारखी. तिला हेड्स म्हणतात, ती बाजूला काढतात. मग लिंबूवर्गीय सालींचा उजळ वास येतो, त्यामागून ज्युनिपरचा देवदारासारखा हिरवा वास, मग धणे आणि शेवटी मुळ्यांचा मातकट, उबदार वास. प्रत्येक पदार्थातले तेल आपापल्या वेळेला वर येते. ओल्या पुठ्ठ्यासारखा वास येऊ लागला की टेल्स, म्हणजे शेवटची धार, सुरू झाली, इथे ती तोडायची. मीटर असतो, तापमापक असतो, तरी धार कुठे जोडायची आणि कुठे तोडायची हे ठरवते ते नाक.

मग येते पाणी. ऐंशी टक्क्यांच्या आसपासचा अर्क आपल्याकडच्या नेहमीच्या ४२.८ टक्क्यांवर आणायचा. घाई केली किंवा तेल जास्त उतरलेले असले तर स्वच्छ द्रव क्षणात दुधाळ होतो, कारण मद्यात विरघळलेले तेल पाण्यात विरघळत नाही. काही कारखाने हे तेल गाळून टाकतात आणि त्याबरोबर चवही जाते. जाणकार आधीच प्रमाण बेताचे ठेवतात. म्हणून बर्फ घातल्यावर किंचित धूसर होणारी जिन बिघडलेली नसते. तिच्यात माल आहे, एवढाच त्याचा अर्थ.

महाराष्ट्राचे कुलूप

महाराष्ट्राचा कायदा दारूबंदीच्या पोटी जन्मला आहे. १९४९ च्या मुंबई दारूबंदी अधिनियमाचा गाभा अजून तसाच आहे. पिणे हा मुळात अपवाद, म्हणून पिणाऱ्याला परमिट. बिअर-वाईनला वयाची अट २१, तर जिनसारख्या कडक मद्याला २५. गाळायचे असेल तर १९६६ च्या नियमांखाली परवाना. ही सगळी रचना मोठा कारखाना डोळ्यांपुढे ठेवून केलेली आहे. तिच्यात दोनशे लिटरच्या भट्टीला जागा करून द्यायची तर वेगळा विचार लागतो.

तो विचार राज्याने वाईनसाठी केला. २००१ च्या द्राक्ष प्रक्रिया उद्योग धोरणाने उत्पादन शुल्कात सूट दिली, वाईनला शेतीप्रक्रियेचा दर्जा दिला, विंचूरला वाईन पार्क उभा राहिला. राजीव सामंत यांच्या ‘सुला’ने पहिली वाईन २००० मध्ये आणली होती, धोरणानंतर तिच्या मागे डझनावारी वाइनरी आल्या. पुढे विक्रीकराचा मोठा भाग वाइनरींना परत देणारी योजनाही आली. २०२२ मध्ये सुपरमार्केटात वाईन विकायचा निर्णय मात्र विरोधामुळे बासनात गेला. सरकारला कुठपर्यंत जाता येते, याची ती सीमारेषा.

कडक मद्याकडे राज्य पाहते ते तिजोरीच्या डोळ्याने. जून २०२५ मध्ये विदेशी मद्यावरचे शुल्क वाढवताना ‘महाराष्ट्र मेड लिकर’ हा धान्यापासूनचा नवा प्रकार आणला गेला. पण तो देशी आणि विदेशी यांच्यामधल्या स्वस्त बाटलीसाठी आहे, हस्तकौशल्यासाठी नाही. राज्याच्या धास्तीलाही आधार आहे. २०१५ मध्ये मुंबईतल्या मालवणीत मिथेनॉल मिसळलेल्या दारूने शंभरहून जास्त जीव घेतले. अशा आठवणी ताज्या असताना ‘लहान भट्ट्या वाढवा’ म्हणणे कोणत्याही मंत्र्याला सोपे नाही. पण मालवणीचे विष अवैध धंद्यातले होते. परवाना, तपासणी आणि लेबल असलेली लहान भट्टी त्या धंद्याचा विस्तार नसून त्याला पर्याय आहे.

म्हणजे नाशिकला गाळण्याचे कसब नाही अशातला भाग नाही. दिंडोरीतल्या पेर्नो रिकारच्या डिस्टिलरीतून ‘लाँगिट्यूड ७७’ ही सिंगल माल्ट २०२२ मध्ये बाहेर पडली. मोठ्याला दार उघडे आहे. कुलूप लहानाला आहे.

हिशेब

आता मूळ प्रश्न. समजा कुलूप निघाले आणि नाशिकमध्ये जिन गाळली गेली. शेतकऱ्याच्या पदरात काय पडेल?

७५० मिलिलिटरच्या, ४२.८ टक्क्यांच्या बाटलीत निखळ मद्यार्क ३२१ मिलिलिटर. तो मळीतून आला तर साधारण १.४ किलो मळी लागते, धान्यातून आला तर पाऊण-एक किलो धान्य. ईएनए टँकरने येतो, कुठलाही येतो. राहिले मसाले. लिटरमागे सगळे मिळून वीस-तीस ग्रॅम, म्हणजे बाटलीमागे पंधरा ते बावीस ग्रॅम. त्यातला मोठा वाटा ज्युनिपरचा आणि तो हिमालयातून किंवा मॅसेडोनियातून येणार, सह्याद्रीत तो नाही. उरलेल्या दहा ग्रॅमांत सुरगाण्याची स्ट्रॉबेरी, त्र्यंबकची करवंदे, बागलाणचे डाळिंब किंवा परसातला गवती चहा कितीही अभिमानाने लिहिला तरी वजन चिमटीएवढेच. लेबलवर रामकुंडाचे चित्र छापले म्हणून ते वाढत नाही.

हिशेब बदलतो तो पायाच द्राक्षाचा केला तर. किलोभर द्राक्षांतून साडेसहाशे मिलिलिटरच्या आसपास वाईन आणि तीत ऐंशी मिलिलिटर मद्यार्क धरला, तर एका बाटलीला चार किलो द्राक्षे लागतात, घट धरून साडेचार. फ्रान्सच्या कोन्याक भागातली ‘जी’व्हाईन’ अशीच द्राक्षाच्या मद्यावर उभी आहे. द्राक्षाचे मद्य थोडे गोलसर लागते, फुलांच्या वासांना ते मानवते. खर्च अर्थातच ईएनएच्या कितीतरी पट. म्हणून अशी जिन महागच राहणार आणि थोडीच होणार.

इथे एक भाबडी सूचना नेहमी येते. बेमोसमी पावसाने तडकलेली, क्रॅकिंगची द्राक्षे नाहीतरी मातीमोल जातात, ती भट्टीत घाला. तडकलेला मणी त्याच दिवशी दाबला तर चालेलही. पण बुरशी किंवा आंबूस वास चढलेला माल गाळला की तो दोषही अर्कात उतरतो, आणि स्तंभातून पुन्हा पुन्हा गाळून तो काढायचा म्हटले तर द्राक्षही त्याबरोबर जाते. भट्टी म्हणजे उकिरडा नव्हे. शेतकऱ्याला उपयोग व्हायचा तर वाईनच्या द्राक्षांसारखा आधी ठरलेला करार आणि दर हवा, आपत्तीतली मेहरबानी नको.

दुसरी सूचना मोहाची. पेठ, सुरगाणा, कळवणकडच्या डोंगरात फाल्गुन-चैत्रात पहाटे मोहाची मांसल, पिवळट फुले टपटप गळतात. बायका-मुले उजाडायच्या आत टोपल्या घेऊन झाडाखाली असतात, कारण ऊन चढले की फुले मऊ पडतात आणि गुरे-खारी वाटेकरी होतात. वाळवली की किसमिसासारखी चिकट, गोड. या फुलांवर इंग्रजांनी १८७८ च्या अबकारी कायद्याने आणि १८९२ च्या महुरा कायद्याने पाश आवळले. गाळण्याचा हक्क आदिवासींकडून मक्तेदारांकडे गेला. १९२२ मध्ये पालघरच्या किनाऱ्यावरून निघून सुरगाणा-डांगमार्गे सुरतेपर्यंत पोहोचलेल्या देवीच्या चळवळीत दारू सोडण्याच्या शपथा झाल्या. त्यात सुधारणेइतकाच या मक्तेदारांविरुद्धचा राग होता. मोहफुले वेचण्या-साठवण्यावरचे निर्बंध महाराष्ट्राने २०२१ मध्ये उठवले. मध्य प्रदेश त्यापुढे गेला आणि आदिवासी गटांच्या मोहाच्या दारूला ‘वारसा मद्य’ म्हणून बाजारात आणले.

मोहाचा वास इतका स्वतःचा आहे की त्याला जिनचा पाया करायचे तर तो आधी पुसावा लागेल. हा उद्योग कशासाठी? मोहाला ज्युनिपरच्या कुबड्या नकोत. त्याला त्याच्याच नावाने आणि गाळणाऱ्यांच्या मालकीने बाटलीत येऊ द्यावे.

पेल्यात

चांगली जिन ओळखायची तर आधी बर्फ नको आणि टॉनिकही नको. वाटीभर घ्यायची गरज नाही, तीस मिलिलिटर घेऊन तेवढेच साधे पाणी घालायचे आणि वास घ्यायचा. ज्युनिपर सापडला पाहिजे. मग मसाले एकेक सुटे होतात की सगळे मिळून कफ सिरपसारखे येतात ते पाहायचे. इसेन्सची जिन पहिल्या वासाला मोठी वाटते आणि घशाखाली काही उरत नाही.

टॉनिक घालायचे तर एकास दोन, फार तर तीन. थंडगार टॉनिक आणि मोठे बर्फ, म्हणजे पाणी लवकर होत नाही. लिंबू पिळण्यापेक्षा सालीची चकती पेल्यावर मुरडली तर आंबटपणाखाली जिन दडपत नाही. नाशिकच्या उन्हाळ्यात काकडीचा काप किंवा कोकमाचे आगळ चमचाभर, हेही जमते. तिखट चिवडा, मिसळ यांपुढे जिन हरते. भाजलेले मासे, खारवलेले काजू, साधी काकडी यांच्याशी तिचे पटते. गोड टॉनिकमागे मद्य लपते आणि दुसरा पेला कधी संपला ते कळत नाही, हे लक्षात ठेवलेले बरे. होगार्थच्या लंडनला जे झाले ते महाग बाटलीतूनही होते.

मग करायचे काय?

‘नाशिक व्हॅली वाईन’ला भौगोलिक निर्देशांक मिळालेला आहे, कारण तिथे जमीन आणि पेय यांचा संबंध दाखवता येतो. जिनला तो आपोआप मिळणार नाही, कमवावा लागेल. त्यासाठी राज्याने दोनच गोष्टी कराव्यात. लहान भट्टीसाठी वेगळा, तपासणीत कडक पण शुल्कात परवडणारा परवाना काढावा आणि तो फळाच्या किंवा स्थानिक धान्याच्या पायाशी जोडावा. आणि लेबलवर तीन ओळी सक्तीच्या कराव्यात. मूळ मद्य कशाचे, ते कुठे गाळले आणि सुवास भट्टीत आला की बाटलीत मिसळला.

या तीन ओळी छापायला ज्यांची हरकत नसेल त्यांनी खुशाल नाशिकचे नाव लावावे. टँकरने आलेल्या ईएनएमध्ये चिमूटभर गवती चहा घालणाऱ्यांनी उत्तम जिन करावी, विकावी, बक्षिसे मिळवावीत; त्यात कमीपणा नाही, जगातली बहुतेक चांगली जिन अशीच होते. फक्त तिच्यावर नाव स्वतःचे लिहावे, द्राक्षबागांचे नाही. गोव्याच्या मागून धावत आणखी एक सुगंधी बाटली काढण्यात नाशिकचा फायदा थोडा आहे. साडेचार किलो द्राक्षांची बाटली काढली तर ती महाग पडेल, कमी खपेल, पण तिचा दर ठरवताना समोर बागायतदार बसलेला असेल. वाईनने या जिल्ह्याला जे दिले ते एवढ्यामुळेच दिले.